गाजरांच्या वाफ्यातली फिल्म

ओडिल वेलेट सिनेमे काढते, हे अमेरिकेतल्या मेन राज्यातल्या त्या नदीकाठच्या गावाला मान्य होतं. पण त्यांना सिनेमे म्हणायला कुणी तयार नव्हतं. ती लोकांना बोलतं करायची, चित्रण करायची, इथवर ठीक. पण मग ती फिल्मची पट्टी बोलणाऱ्याच्याच पायाखालच्या जमिनीत पुरून ठेवायची आणि बर्फ वितळला की खणून काढायची. मातीनं चित्र खाल्लेलं असे, तिथं रंगीत फुलं उमटत. तीच तिला हवी असत. गावानं तिला खुळी ठरवलं होतं, यात गावाचं फार चुकलं असं म्हणवत नाही.

या खेपेला विषय होता गावातला बंद पडलेला कातडी कमावण्याचा कारखाना. त्याच्या कुंपणाला लागून तिची थोरली बहीण रेजीन राहायची. कितीतरी वर्षांनी तिला दिवस गेले होते, आणि कारखान्याचं पाणी मुरलं असेल त्या परसातली भाजी खावी की नाही या काळजीनं तिची झोप उडाली होती. वसंतात ओडिल गाजरांच्या वाफ्यातून पट्टी काढायला आली, तेव्हा रेजीन शेजारीच उभी राहिली.

"काय म्हणते माझी माती?"

पट्टी जशीच्या तशी निघाली. रेजीनचा चेहरा लख्ख. ओडिल वैतागली, तिच्या लेखी ती पट्टी फुकट गेली होती.

"डाग म्हणून नाही! इतकी स्वच्छ माती माझ्या काय कामाची?"

रेजीननं तिला मिठीच मारली. "चला, तुझ्या उद्योगांचा कुणाला तरी उपयोग झाला!"

पानं पिवळी पडू लागली तेव्हा ओडिल संकलनाला बसली. सगळ्या पट्ट्या तिनं खालून उजेड येणाऱ्या काचेच्या टेबलावर शेजारी शेजारी मांडल्या. दफनभूमी, नदीकाठ, शाळेचं मैदान. सगळीकडे माती पोटभर जेवली होती. मातीतले जीव फिल्मवरचा थर खातात, हे ती प्रत्येक महोत्सवात तोऱ्यात सांगायची. मग रेजीनच्या वाफ्यात जेवायला कुणीच कसं नव्हतं?

तिनं गाडीची किल्ली उचलली. गाडी कशी हाकली ते तिचं तिला कळलं नाही.

रेजीन मागच्या पायरीवर पाय पसरून बसली होती, दिवस भरत आलेली, तोंडात गाजर.

"अशी धापा काय टाकतेस? भूत दिसलं?"

"रेजीन, वाफा खणताना गांडुळं निघतात का गं?"

"एकही नाही! कीड नाही, गोगलगाय नाही. शेजारीण नुसती जळते माझ्यावर."

ओडिलनं तिच्या हातातलं गाजर हिसकावलं. "थुंक ते. रेजीन, आधी थुंक!"

रेजीन चावायची थांबली. बहिणीच्या चेहऱ्याकडे बघता बघता तिचा हात पोटावर गेला.

"तूच तर सांगितलंस," ती म्हणाली. "उन्हाळाभर मी दुसरं काही खाल्लंच नाही गं."