आबांचा डायलॉग

पुसेगावात दगडोबा आबांच्या घरी भूक लागायची परवानगी एकट्या दगडोबांना होती. आबा जेवल्याबिगर कोणी भाकरी मोडायची नाही. मग ते दुपारभर चहाच्या हॉटेलात बसून दुसऱ्यांच्या भावकीचे तंटे का मिटवत बसेनात! बी.ए. झालेली सून कोमल उपास काढायला शिकली होती. पण दोन वर्षांची राजनंदिनी रडून रडून उपाशीच झोपायची, आणि कोमल तिच्या बरगड्या चाचपत बसायची.

दिराने, सोमेश्वरने, मोबाइलवर शॉर्ट फिल्म काढायची ठरवली तेव्हा गोष्ट कोमलनेच लिहून दिली. घरादाराला धाकात ठेवणाऱ्या म्हाताऱ्याची, हसायची गोष्ट. म्हातारा कोण? "हिरो मीच असन तर बराबर हाय," आबा म्हणाले. गोष्ट काय, ते त्यांनी विचारलंच नाही.

पण मोबाइल समोर धरला की आबा गरीब गाईसारखे.

"रागवा ना, आबा!" सोमेश्वर म्हणाला.

"उगंच काहून रागवू? मी कधी रागावतो का?"

द्वारकाबाईंना, म्हणजे त्यांच्या बायकोला, ठसकाच लागला.

"ए, मुकाट बस! खोकायचं तर बाहीर जाऊन खोक!" आबा कडाडले. सोमेश्वरने तेवढंच मोबाइलवर टिपून घेतलं.

शेवटचा सीन ओसरीवर होता. बघायला अर्धी गल्ली लोटलेली. समोर ताट, आणि आबांनी म्हणायचं होतं, "सूनबाई, आधी लेकराला वाढ."

"असलं मी बोलत न्हाई."

"आबा, पिच्चरमधी हाय ते!"

"पिच्चरमधी बी मी मीच हाय ना?"

या एका वाक्यासाठी तर कोमलने सगळी गोष्ट रचली होती.

शेजारचा कोंडीबा हसला, "दगडोबा, जमत न्हाई म्हण की. मी बोलतो तुझ्या जागी."

"तू? माझ्या घरात?" आबा ताडकन उठले. "सूनबाई! आधी लेकराला वाढ!"

शिट्ट्या पडल्या.

दुसऱ्या दिवशी आबा दुपारी घरात आले, तर राजनंदिनी वरण-भाकरीने माखलेली.

"मी जेवलो का अजून?"

"मामा, तुमीच म्हणलात ना, सगळ्यांसमोर," कोमल मान खाली घालून सासऱ्यांना म्हणाली. "तुमचा शब्द खाली कसा पडू द्यावा?"

आबांनी तोंड उघडलं. तेवढ्यात कुंपणावरून कोंडीबा ओरडला, "काय दगडोबा, जेवलं का लेकरू?"

"जेवलं म्हंजे?" आबा खेकसले. "आमच्या घरात लेकरू आधीच जेवतं! बापजाद्यापासून!" मग बायकोकडे वळले, "आन् तू काय बघून राहिली? माझं ताट आण."

द्वारकाबाई उपाशीपोटी उठल्या. सासूसाठीही एक वाक्य लिहायला हवं होतं, कोमलला वाटलं.