सॉलीच्या कासवाचा दिवा

आम्ही मूळचे कोकणातले ज्यू, आमच्या पूर्वजांना तिकडे शनवार तेली म्हणायचे. तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी बंद ठेवायचे. घाणे केव्हाच गेले, शनिवार मात्र आमच्या ह्यांनी थेट कॅनडापर्यंत आणला. हे म्हणजे नेहेम्या झिराडकर, माझा नवरा. शुक्रवारी सूर्य मावळला की शनिवारी आकाशात तीन तारे दिसेपर्यंत आमचा शब्बाथ, कुठलंही काम न करण्याचा दिवस; तोवर हा माणूस दिव्याच्या बटणाला हात लावत नाही. लग्नाला पन्नास वर्षं होत आली, एकदाही लावला नव्हता.

आणि अशा माणसाच्या गळ्यात सॉलीने कासव मारलं.

सॉली आमच्या थॉर्नहिलच्या सिनेगॉगमधला, मूळचा केपटाउनचा ज्यू. तिकडच्या खडकाळ झुडपांत राहणारं हे कासव त्याने इथल्याच एका पाळणाऱ्याकडून घेतलं होतं, गावाची आठवण म्हणून. पाडलोपर म्हणायचा त्याला, म्हणजे पायवाटेने चालणारा. जगातल्या सर्वांत लहान कासवांच्या कुळातलं ते. माझ्या तळहातावर मावायचं, आणि तोंडाला पोपटासारखी बाकदार चोच. मरताना सॉली ह्यांचा हात धरून म्हणाला, "याला गारठून मरू देऊ नकोस." ह्यांनी शब्द दिला. पेटीची साफसफाई अर्थातच माझ्याकडे आली.

काचेच्या पेटीवर उबेचा दिवा होता. शनिवारी त्याचं काही बिघडलंच, तर बेसमेंटमध्ये भाड्याने राहणारी गुंजन होती. साताऱ्याची मुलगी, इथे कॉलेजात शिकायची. शनिवारी दुसऱ्याला काम सांगणंही ह्यांना चालत नाही, म्हणून हे जिन्याच्या तोंडाशी उभे राहून नुसता उसासा टाकायचे, "आज खोलीत अंधार वाटतो." गुंजन धावत वर यायची. "आजोबा, टेन्शन नका घेऊ, मी ऑन करते." मला हसू आवरायचं नाही.

२०१८च्या एप्रिलमधला तो शनिवार. पेसाखचा सण होऊन आठवडा झाला होता, तरी बाहेर बर्फाचा पाऊस चाललेला. कासवाला सर्दीने धरलं होतं, नाकातून बुडबुडे येत होते. ऊब अजिबात तुटू देऊ नका, असं जनावरांच्या डॉक्टरीणबाईंनी बजावलं होतं. सकाळीच वीज गेली. दुपारी आली, पण पेटीचं सुरक्षेचं बटण उडालं होतं आणि ते दाबल्याशिवाय दिवा लागणार नव्हता. गुंजन ग्रोसरी स्टोअरमध्ये शिफ्टला जाऊन तिकडेच अडकलेली. हे काठी टेकत समोरच्या घराचं दार वाजवून आले. तिथेही कुणी नव्हतं.

ह्यांनी कासव हातात घेतलं. मान बाहेर लोंबत होती, डोळे मिटलेले. पायाला बोट लावलं तरी ते पाय आत ओढेना. एप्रिलचा दिवस लांब, रात्र पडायला अजून कितीतरी वेळ होता.

मग मी पाहिलं, ह्यांचा उजवा हात त्या बटणाकडे चालला होता.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

आमचा मुलगा नाथन सहा महिन्यांचा होता तेव्हाची गोष्ट. आम्ही भायखळ्याला राहायचो, आई रेवदंड्याला. एका शनिवारी सकाळी दारात माणूस आला. आई शेवटच्या घटका मोजतेय, सारखं एस्सी, एस्सी असं माझं नाव घेतेय, म्हणाला. मी पिशवी भरली. हे म्हणाले, "तारे दिसू देत, मग निघू." तारे दिसले तोवर शेवटची एसटी गेली होती. रविवारी पोचले तर आई पांढऱ्या कापडात गुंडाळलेली. ह्यांना मी एका शब्दाने बोलले नाही. नियम म्हणजे नियम, असं स्वतःला बजावलं आणि इतकी वर्षं त्याच आधारावर काढली.

मी ह्यांचं मनगट धरलं. "माझ्या आईसाठी शनिवार मोडला नाहीत, आणि या मुठीएवढ्या जनावरासाठी मोडणार? मग माझी आई कशासाठी वाट बघत गेली?"

ह्यांनी हात मागे घेतला.

"तेव्हा माझं चुकलं, एस्सी," हे म्हणाले. "निदान तुला तरी गाडीत बसवून द्यायला हवं होतं. दर शनिवारी आठवतं." मग कासव माझ्या हातात ठेवलं. "तू सांग. तू नको म्हणालीस तर नाही लावणार."

कासव दगडासारखं गार होतं. मला वाटलं, मरू दे. खरंच वाटलं. कासव मेलं तर नियम शाबूत राहील आणि आई नियमापायी माझ्याविना गेली, असं मला पुढेही म्हणता येईल. तेवढ्यात त्याने चोच उघडली. श्वासासाठी. आवाज काही नाही, नुसती उघडी चोच. आईनेही शेवटी असंच तोंड उघडं ठेवून दाराकडे बघत जीव सोडला होता. वहिनीने सांगितलं होतं मला.

मी बटण दाबलं.

कासव दिव्याखाली ठेवलं आणि बघत बसले. पुष्कळ वेळाने त्याने मागचा एक पाय आत ओढला. ह्यांनी खुर्ची सरकवून माझ्याजवळ आणली. मग मी आईसाठी रडले, मोठ्याने, तोंड न झाकता. शब्बाथच्या दिवशी शोक करायचा नसतो, हे लग्नानंतर ह्यांनीच मला शिकवलं होतं. ह्यांनी मला थांबवलं नाही.