लग्नाचा सीन

"हर्षलचे केस काढायचे नाहीत," कानिफनाथ न्हाव्याला म्हणाला, आणि घाटावर जमलेली सगळी भावकी त्याच्याकडे वळून बघू लागली.

वडिलांचा दहावा होता. थोरल्या कानिफनाथचं मुंडण उरकलं होतं, मिशीही गेली होती. आता पाळी धाकट्याची. पण धाकटा हर्षल कानिफनाथच्या सिनेमाचा हिरो होता. सगळा सिनेमा त्याच्या त्या मानेवर रुळणाऱ्या केसांवर झाला होता. शेवटचा लग्नाचा सीन तेवढा राहिला होता. फेटा बांधून टक्कल झाकलं असतं, पण मानेवरचे केस आणि मिशी कुठून आणायची? उगवेपर्यंत थांबावं, तर हिरोईन नव्या मालिकेत अडकणार. उमेदीची सगळी वर्षं दुसऱ्यांच्या शूटिंगला गाड्या, जेवणं आणि जनरेटर जुळवण्यात घालवून कानिफनाथ पहिल्यांदा निर्माता झाला होता. हातातोंडाशी आलेला घास सोडायचा कसा?

"आरं, बाप येकदाच मरतो," चुलते काकासाहेब म्हणाले. "शिनेमा काय, पुन्यांदा काढशील."

"पुन्हा कोण काढू देतंय, काका?"

हर्षल आईकडे बघत राहिला. साळूबाई तोंडाला पदर लावून नदीकडे बघत होती. ती काहीच बोलली नाही. कानिफनाथने तोच होकार धरला. सोयीचं तेवढं ऐकायला या धंद्याने त्याला चांगलं शिकवलं होतं.

तेरावा झाल्यावर काष्टीतल्या मंगल कार्यालयात सेट लागला. गर्दीची त्याला काळजी नव्हती. आपलंच गाव, सिनेमातल्या जत्रेला तर म्हाताऱ्याकोताऱ्यांसकट सगळे हौसेने नटून आले होते. याही वेळी तो घरोघर सांगून आला. "येऊ की," सगळे म्हणाले. कपडेपट बघणारी स्नेहल पुण्याहून नवीनच आली होती. तिला त्याने बजावलं, "बायकांना गजरे, कुंकू. बिनकुंकवाची एकही दिसता कामा नये. लग्न आहे."

दुपार कलली तरी कोणी फिरकलं नाही. फोन करावा तर कुणाची ऊसतोड आलेली, कुणाचे पाहुणे. हर्षल मुंडावळ्या बांधून खाली मान घालून बसला होता. रिकाम्या खुर्च्या बघता बघता कानिफनाथला रडू आलं. वडील गेले तेव्हाही आलं नव्हतं.

तेवढ्यात फाटकातून साळूबाई आली. एकटीच.

"कुनी जायाचं न्हाई म्हनत्यात गावात," ती म्हणाली. "म्हनलं, आपुन तरी जावं."

ती कोण हे स्नेहलला ठाऊक नव्हतं. कुंकवाचा करंडा घेऊन ती लगबगीने पुढे झाली. "आजी, कपाळ इकडे करा. लग्नाचा सीन आहे."

साळूबाईने थोरल्याकडे पाहिलं. "लावू का रं? तुजं काम आडत आसंल तर लावते."

कानिफनाथने स्नेहलच्या हातातून करंडा घेतला, झाकण लावलं आणि आईला हाताला धरून पहिल्या रांगेत बसवलं.

"अशीच बस, आई."

"सर, मागं सगळं रिकामं दिसतंय," कॅमेरामन म्हणाला.

"दिसू दे."

मंगलाष्टका सुरू झाल्या. साळूबाई उठून उभी राहिली आणि खऱ्या लग्नात टाकाव्यात तशा मनापासून अक्षता टाकू लागली. फेट्याखालून मानेवर आलेल्या हर्षलच्या केसांत त्या अडकल्या. सीन संपला तरी त्याने त्या झटकल्या नाहीत.