उजव्या कोपऱ्यातली आयली

आयली ट्रँट मूळची इथलीच, आयर्लंडमधल्या ट्रली गावची. तरुणपणी बोटीत बसून अमेरिकेला गेली, हॉलिवूडमध्ये शिरली आणि उभा जन्म दुसऱ्यांना दारं उघडून देण्यात घालवला. कृष्णधवल जमान्यातल्या तीसेक सिनेमांत ती मोलकरीण होती, दोनदा नर्स आणि एकदा, बढती मिळून, नन. वाक्य बहुधा एकच, पाहुणे आल्याची वर्दी देण्याचं. जागाही ठरलेली, पडद्याचा खालचा उजवा कोपरा. नायिका मधोमध रडायची आणि आयली कोपऱ्यात ट्रे धरून उभी.

हे मला कळलं तिच्या भाचीकडून. ब्रीडी ट्रँट माझी शेजारीण, वय ऐंशीच्या पुढे, नजर झपाट्याने जात चाललेली. आत्याला तिने प्रत्यक्ष कधीच पाहिलं नव्हतं आणि घरच्या टीव्हीवर तो चेहरा आता तिला नुसता पांढरा ठिपका दिसायचा. डोळे आहेत तोवर एकदा मोठ्या पडद्यावर बघायचंय, एवढंच तिचं मागणं.

नेमका तेव्हाच आमच्या मराठी मंडळाला महाराष्ट्र दिनासाठी हॉल हवा होता. कार्यक्रमात इथला स्थानिक वारसा घातला तर हॉल फुकट मिळणार होता. अध्यक्ष अंबरीशदादांना रातोरात आयरिश सिनेकलावंतांचा उमाळा आला. मी ब्रीडीकडचे सिनेमे दिले आणि मंडळाचं तांत्रिक काम बघणाऱ्या जयेशने त्यातले आयलीचे तुकडे जोडून चित्रफीत केली.

कार्यक्रम रीतसर झाला. फायर अलार्मच्या धाकाने बॅटरीवरच्या समईचं दीपप्रज्वलन, मग स्वागतगीत, मग प्रास्ताविक करणाऱ्याचा परिचय, मग प्रास्ताविक. ब्रीडीला शाल-नारळ देऊन पहिल्या रांगेत बसवलं. नारळाचं काय करायचं हे तिला कोणी सांगितलं नाही, म्हणून तिने तो मांडीवर धरून ठेवला.

चित्रफीत सुरू झाली आणि माझं डोकं फिरलं. आपल्या माणसांच्या हाती काहीही द्या, आधी त्यावर नाव टाकतील. जयेशने पडद्याच्या खालच्या उजव्या कोपऱ्यात मंडळाचा लोगो ठेवला होता. भगवं वर्तुळ, त्यात फेटा आणि खाली अध्यक्षांचं नाव. नायिका रडत होत्या, नायक सिगारेटी ओढत होते आणि आयलीच्या जागी प्रत्येक प्रसंगात फेटा.

ब्रीडी मान पुढे काढून शोधत राहिली. शेवटी तिने मला हळूच विचारलं, "माझे डोळे एवढे गेले का गं?"

मी तरातरा मागे गेले आणि जयेशला तो लोगो काढायला सांगितलं.

"आता नाही निघणार, रेंडर झालंय ते," तो म्हणाला. "आणि चिल ना यार, ती तर मेड आहे. मेन लोक सगळे दिसतायत की."

तोवर चित्रफीत संपली होती आणि अंबरीशदादा समारोपाला उभे राहिले होते. माइक नेमका त्याच कोपऱ्यापुढे आणि अंगात कडक इस्त्रीचा पांढराशुभ्र झब्बा. उपेक्षित कलावंतांना न्याय देण्याची मंडळाची परंपरा त्यांनी सांगायला घेतली. मी जयेशचा लॅपटॉप बाजूला सारून माझा जोडला, दिवे मालवले आणि मूळ सिनेमा लावला. आयली दारातून आत आली आणि थेट अध्यक्षांच्या पोटावर येऊन उभी राहिली. मी तिथेच पॉझ दाबलं.

दादा गोंधळून बाजूला व्हायला लागले. ब्रीडी खुर्चीतून उठली.

"हलू नकोस," ती म्हणाली. "दिसतेय ती."

दादा थिजले. श्वास सोडला की आयलीचा चेहरा वाकडा व्हायचा, म्हणून बिचारे पोट आत ओढून उभे राहिले. समोर माइक असून अवाक्षर नाही, असं मंडळाच्या इतिहासात प्रथमच घडत होतं. ब्रीडी बगलेत नारळ धरून जवळ गेली आणि प्रकाश अडू नये म्हणून बाजूने वाकून, झब्ब्याला नाक लागेल इतक्या जवळून बघत राहिली.

"हनुवटी माझ्या बाबांची आहे," ती म्हणाली. माइकमुळे ते सगळ्या हॉलला ऐकू गेलं.

टाळ्या सुरू झाल्या. दादा सवयीने नमस्काराला वाकले.

"सरळ उभा राहा," ब्रीडी म्हणाली. "माझं बघून झालेलं नाही."