अकरा पाऊण

धुरपदाबाईनं पाऊण गजाची सुतळी कापडावर ताणून धरली आणि खडूनं पहिली रेघ ओढली. दाराशी उभ्या असलेल्या धाकट्या भावाला, बलभीमला, हा हिशेब काही पटत नव्हता.

"आक्का, कापड साडेसात गज. त्याचे दहा खण निघतील? भागल्यावर आकडा कमी व्हतो का वाढतो?"

"गजापेक्षा बारीक तुकडा पाडला, की वाढतो."

बलभीम सरकारी शाळेत दोन यत्ता उर्दू शिकला होता. अपूर्णांक यायच्या आतच त्यानं शाळेला रामराम ठोकला होता. मान हलवत तो नारळ निवडायला गेला.

उद्या त्याच्या लेकीचं, सारजाचं लग्न. दूर विलायतेत चाललेल्या लढाईमुळं येडशीच्या बाजारात कापड मिळेना, म्हणून गल्लीतल्या माणिकप्पा कोष्ट्याकडून खण विणून घेतले होते. दहा सवाष्णी, दहा नारळ, दहा खण. माप सांगायला सारजाच गेली होती. आईवेगळ्या त्या पोरीला धुरपदाबाईनंच वाढवलं होतं, आणि पहाटे जात्यावर ओव्या संपल्या की तिच्याकडून पाऊणकी, म्हणजे पाऊणाचा पाढा, म्हणून घेतली होती. आता एक जरी खण कमी पडला, तर भर मांडवात एकीची ओटी अडायची आणि नाव शिकवणारीचं जायचं.

धुरपदाबाई स्वतः त्या दहांत नव्हती. नवरा गेल्याला बावीस वर्षं झाली, तेव्हापासून ओटीच्या मोजणीत ती कधीच नव्हती. रीतच तशी. त्याचं आता काही वाटत नाही, असं ती म्हणायची.

कात्री चालत राहिली. दहावा खण घडी घालून ठेवला आणि तिचा हात थांबला. पुढ्यात अजून कापड होतं. तिनं सुतळी लावली. बरोबर पाऊण गज.

"सारजे, माणिकप्पाला किती सांगितलंस?" तिनं घड्या रचणाऱ्या भाचीला विचारलं.

"सव्वाआठ."

धुरपदाबाईला वाईट वाटलं. एवढी वर्षं घोकून घेतलं ते पाण्यात गेलं.

"दहा पाऊण किती गं?"

"साडेसात."

"मग?"

"अकरा पाऊण सव्वाआठ," सारजा खाली बघून म्हणाली. "आत्या, तुमीच शिकवलंय."

धुरपदाबाईनं तो तुकडा उचलला, ठेवला, पुन्हा उचलला. काठ हिरवा होता. हिरवा रंग तिला फार आवडायचा, आणि ते या घरात फक्त सारजाला ठाऊक होतं.

तेवढ्यात बलभीम आला. रीतीभातीला तो पक्का. त्यानं घड्या मोजल्या, पुन्हा मोजल्या.

"अकरा कसे? कोष्टी चुकला?"

"न्हाय," धुरपदाबाई म्हणाली. "म्याच एक मोजायची इसरले व्हते."

बलभीमनं बहिणीकडं पाहिलं, मग लेकीकडं. लेक बापाच्या डोळ्याला डोळा देऊन उभी होती. तो आत गेला.

परत आला तेव्हा त्याच्या हातात एक नारळ होता. कानाशी धरून, हलवून, पाणी वाजतंय का ते त्यानं नीट पाहिलं आणि तो खणांच्या ओळीच्या शेवटी ठेवला.