खोट्या फोनातला डाव

पेकाक रेंतांगचा फोन पाटात पडला तेव्हा तो पाणी बघायला गेला होता, असं तो सांगतो. पाणी बघायला गेलेला माणूस पाटाच्या काठावर उकिडवा बसून फोनमध्ये नाक घालत नाही. पण म्हाताऱ्याशी वाद कोण घालणार. फोन चिखलातून निघाला तो कायमचा मुका होऊन. गावातले सगळे आजोबा पेकाक असतात आणि सगळ्या आज्या दादोंग, पण असा बुडवा पेकाक आमच्या वस्तीत हा एकच.

फोनचं त्याला दुःख नव्हतं. गालुंगानच्या सणाला मुलगा देनपासारहून येईल, तो दुसरा आणील. दुःख होतं त्या फोनमधल्या बुद्धिबळाच्या डावाचं. त्या खेळात समोरच्यानं चाल केली की आपल्याला मुदत असते. मुदत संपली की डाव समोरच्याचा. रेंतांगची मुदत दुसऱ्या दिवशी सूर्य मावळताना संपत होती आणि कितीतरी महिन्यांनी पहिल्यांदाच तो जिंकायला आला होता. निदान त्याला तसं वाटत होतं.

आता समोरचा कोण, तेही सांगते. खेळात त्याचं नाव होतं ‘एकटा बगळा’. रेंतांगनं स्वतःचं ठेवलं होतं ‘तरुण वारा’. हा बगळा जावातला कुणी कॉलेजातला मुलगा असावा, डोकं बरं आहे पोराचं, असं रेंतांग माझ्याकडे कॉफी पिताना म्हणायचा. माझं दुकान वस्तीच्या मंडपासमोरच आहे. रोज संध्याकाळी मंडपाच्या एका कोपऱ्यात रेंतांग फोन घेऊन बसायचा आणि दुसऱ्या कोपऱ्यात, त्याच्याकडे पाठ करून, पेकाक दुगुल. इकडच्यानं बोट टेकवलं की तिकडच्याचा फोन किणकिणायचा. तिकडच्यानं टेकवलं की इकडचा. जावातला मुलगा आमच्या मंडपात कसा येऊन बसला, हे कुणी विचारलं नाही.

दोघं पुइक झाले होते. एकदा पुइक झालं की शब्द बंद. निरोपसुद्धा तिसऱ्याच्या तोंडून. त्याआधी हेच दोघं त्याच मंडपात एका लाकडी पटावर वाद घालत बुद्धिबळ खेळायचे. मग मंडपाचं छप्पर बदलायची सभा झाली. दुगुल म्हणाला, पत्रा घालू. रेंतांगला कौलं हवी होती; पत्र्यावर पाऊस वाजतो, माणसाचं बोलणं ऐकू येत नाही, असं त्याचं म्हणणं. दुगुल ऐकेना, तेव्हा रेंतांग भर सभेत बोलून गेला, “ज्याच्या घरात बोलायला कुणी नाही, त्याला पावसाचा आवाज कशाला खुपेल?” दुगुलची बायको जाऊन तेव्हा फार दिवस झाले नव्हते. पत्रा बसला आणि पट मंडपाच्या माळ्यावर गेला.

तर फोन बुडाल्यावर रेंतांग माझ्या शेजारी आला, लूह आर्मिनीच्या छपाईच्या दुकानात. तिच्या फोनची जात निराळी, त्यात हा खेळ उतरतच नाही. माझा फोन बटणांचा. दुसऱ्या कुणाचा मागायचा तर वस्तीला कारण सांगावं लागलं असतं. आर्मिनी म्हणाली की संगणकाच्या पोटात एक खोटा फोन बसवता येतो. तिच्या भावानं पेनड्राइव्हवर तो आणि ढीगभर खेळ दिले होते आणि डाव इंटरनेटवरचा म्हणून तिनं फोनवरचं इंटरनेट संगणकाला जोडलं.

“खोट्या फोनात खरा डाव चालेल ना?” रेंतांगनं विचारलं.

“खोट्या नावानं चालतो, तर खोट्या फोनातही चालेल,” ती म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी सुरुवात झाली. आधी खोटा फोन उघडेचना, नुसता काळा पडदा. आर्मिनीनं संगणक बंद करून पुन्हा लावला, लावता लावता एक बटण दाबून कसल्याशा निळ्या पानावर गेली आणि तिथं बंद असलेली एक परवानगी सुरू केली. मग खोटा फोन उघडला, बैलगाडीच्या वेगानं का होईना. तिनं त्यात खेळ बसवला. रेंतांगनं घाईनं काचेवर बोट दाबलं. काहीच झालं नाही. ही काच बोटाला ओळखत नाही, टेबलावरचा हा वायरीचा उंदीर फिरवा, असं तिनं सांगितलं. त्यानं उंदीर फिरवला. पडद्यावर खेळाच्या खुणेतलं घोड्याचं तोंड आलं आणि नाहीसं झालं.

त्यानंतर दुपारपर्यंत तेच. आर्मिनीनं खेळानं साठवलेला कचरा साफ केला. खेळ काढून पुन्हा बसवला. खोट्या फोनला जास्त जागा दिली. चित्रं काढायची त्याची पद्धत बदलून पाहिली. पेनड्राइव्हवरची खेळाची जुनी आवृत्ती शोधून घातली. दरवेळी घोडा तोंड दाखवायचा आणि पळून जायचा. बाकीचे खेळ, फळं कापायचे, फुगे फोडायचे, बिनतक्रार चालत होते. हाच तेवढा उघडत नव्हता.

“घोड्याला माझा चेहरा आवडत नाही,” रेंतांग म्हणाला.

“त्याला काय दोष द्यायचा, पेकाक.”

तो घरी जाऊन फुलांची परडी आणि उदबत्ती घेऊन आला. परडी त्यानं संगणकावर ठेवली. आर्मिनीनं ठेवू दिली. त्यानं पवित्र पाण्याची बाटली काढली तेव्हा मात्र तिनं त्याचा हात धरला आणि म्हणाली, एक फोन बुडवलात तेवढा पुरे.

ऊन कलायला लागलं तसा तो सारखा दाराबाहेर बघू लागला. मी कॉफी नेऊन दिली, ती तशीच राहिली. एरवी माझ्या कॉफीला नावं ठेवल्याशिवाय त्याचा घोट उतरत नाही. हळूच मला म्हणाला, “दादोंग, मुदत संपली की त्याला वाटेल, मी पळालो.” थोड्या वेळानं म्हणाला, “वाटेल, मलाही नको झालं.” जावातल्या मुलाला काय वाटेल याची एवढी काळजी का, हे मी विचारलं नाही.

तेवढ्यात दुगुल आला. तो रेंतांगसाठी आला नव्हता. आमच्याकडे शुभ दिवस काढून देण्याचं काम त्याचं. कुणाच्या तरी मुलीच्या कानशीनं दात घासून सारखे करायच्या विधीच्या पत्रिका आर्मिनी छापत होती आणि छापण्याआधी वार-तिथी त्याच्या नजरेखालून जायला हव्या होत्या. दारातच त्याला रेंतांग दिसला, मग संगणक, मग पडद्यावर येऊन पळणारा घोडा. तो भिंतीला टेकला. आर्मिनीनं कच्ची पत्रिका हातात दिली. ती त्यानं वाचली, मान हलवली, पण निघाला नाही.

मी त्याच्याकडे पाहत होते. डोळे पडद्याच्या खालच्या कोपऱ्यावर, जिथं बारीक अक्षरांत तारीख असते. तारीख दिसली की ती वाचणं हा त्याचा धंदाच. बराच वेळ तो तिकडे बघत राहिला. खरं तर गप्प राहणं त्याच्या फायद्याचं होतं. सूर्य खाली चालला होता आणि डाव आपोआप त्याचा होत होता.

मग तो माझ्याकडे वळला. पुइक असलेली माणसं अशीच बोलतात.

“दादोंग, त्या लूह आर्मिनीला सांग, तिच्या यंत्रात माझी बायको अजून जिवंत आहे.”

मला कळलं नाही. आर्मिनीला कळलं. तिनं तारखेकडे पाहिलं आणि कपाळाला हात लावला. पत्रिका बनवायचा तिचा प्रोग्राम महिनाभरच फुकट होता. महिना संपू नये म्हणून ती रोज सकाळी संगणक लावला की तारीख मागं सारायची. केर काढण्याइतकी सवयीची गोष्ट, म्हणून लक्षातच आली नाही. कित्येक वर्षं तिच्या दुकानात तो एकच महिना चालला होता. खोटा फोन संगणकाचीच तारीख घेतो आणि त्या तारखेला हा खेळ कुणी बनवलासुद्धा नव्हता. खेळ चालवणाऱ्या पलीकडच्या मोठ्या यंत्रानं अशा जुन्या दिवसातून आलेल्या माणसाला आत घेतलं नाही.

“तारीख पुढं केली की माझा प्रोग्राम मेला,” ती म्हणाली. “परत मागं नेली तरी उठायचा नाही. तेवढा हुशार आहे तो.”

रेंतांगला मागण्याचा हक्कच नव्हता. आर्मिनीनं त्याच्याकडे पाहिलं, मग दुगुलकडे, आणि म्हणाली की आधी या पत्रिका छापून काढते, मग बघू. यंत्र खरखरत एकेक पत्रिका बाहेर टाकत राहिलं. उन्हाची तिरीप उंबऱ्यावर आली होती. शेवटची पत्रिका पडली आणि तिनं एका झटक्यात तारीख आजवर आणली.

घोड्याचं तोंड आलं आणि राहिलं. ओळख पटवायला रेंतांगच्या नंबरवर आकडे येणार होते, म्हणून त्याच्या बुडालेल्या फोनमधलं कार्ड पुसून माझ्या फोनमध्ये घातलं. आकडे आले. मी ते एकेक करून सावकाश वाचून दाखवले, कारण मला तसंच येतं. आणि मग संगणकाच्या मोठ्या पडद्यावर डाव उघडला. पाटाच्या काठावर तळहाताएवढा असलेला तो डाव आता खिडकीएवढा होता.

रेंतांगची चाल ठरलेली होती. घोड्याची एक उडी आणि दुगुलच्या दोन्ही हत्तींवर एकदम नजर. त्यानं उंदीर धरला, घोड्यावर नेला, दाबला.

“घोडा उचलू नको.”

हे दुगुल बोलला. मला नाही, आर्मिनीला नाही. पुढं येऊन त्यानं पडद्याच्या कोपऱ्यात बोट टेकवलं. “हा उंट बघ. घोडा हलला की तुझा वजीर जातो. मी सापळा लावून ठेवलाय आणि तू डोळे मिटून चाललायस.”

रेंतांगनं उंदरावरचा हात काढला. घोडा जागेवर परत गेला.

“पेकाक, तुम्ही बोललात,” आर्मिनी म्हणाली.

“पडद्याशी बोललो,” दुगुल म्हणाला.

रेंतांग कोपऱ्यातल्या त्या उंटाकडे बघत होता. लहान काचेवर त्याला तो दिसलाच नव्हता. “मग काय करू?” त्यानं विचारलं. मागं न बघता विचारलं, पण विचारलं दुगुललाच.

“वजीर हलव आधी.”

“कुठं?”

“ते मी कसं सांगू? मी तुझ्या विरुद्ध आहे.”

आर्मिनीनं तोंड फिरवलं आणि पत्रिका मोजायला घेतल्या, पण तिचे खांदे हलत होते. मी विचारलं, म्हणजे जावातला मुलगा हाच का. रेंतांग बाकावर थोडा सरकला आणि दुगुलला म्हणाला, “बस. मानेवर श्वास सोडत उभा राहू नकोस.”

दुगुल बसला. बाक अरुंद होता, गुडघ्याला गुडघा लागला. तिरीप उंबऱ्यावरून उतरली होती. रेंतांगनं उंदीर धरला आणि पुन्हा सोडला.

“दुगुल, मी तेव्हा सभेत जे बोललो—”

“खेळ,” दुगुल म्हणाला. “वेळ चाललाय.”

रेंतांगनं वजीर हलवला. दुगुलच्या कमरेला खोचलेला फोन किणकिणला. चाल चुकलीच होती. या वेळी मात्र दुगुलनं ते सांगितलं नाही.