सुहासिनीबाईंचा उशीर

सुहासिनीबाईंच्या हाताला स्तनातली गाठ लागली, पण आठ महिने त्यांनी कुणाला सांगितलं नाही. तीस वर्षं मराठी शिकवलेल्या बाईंना तो शब्दच उच्चारता येईना. हडपसरला आयटीत असलेली त्यांची सून ऋचा एकदा जेवताना, सासऱ्यांदेखत, ऑफिसातल्या स्तनतपासणीबद्दल बोलली. बाई फटकन म्हणाल्या, "निर्लज्ज आहेस अगदी!" गाठ तेव्हाही होतीच.

शेवटी ब्लाउजवरचा डाग ऋचाला दिसला. डॉक्टर म्हणाले, "फार उशीर केलात."

केमोने केस गेले. संक्रांतीच्या हळदीकुंकवाला बाई तशाच उघड्या डोक्याने सोसायटीच्या हॉलमध्ये गेल्या. बायका नजर चुकवू लागल्या, तेव्हा वर्गात बोलायच्या तशा खणखणीत आवाजात बाई म्हणाल्या, "मला स्तनाचा कॅन्सर आहे. लाजत बसले म्हणून पसरला. तुम्ही तपासून घ्या."

"अहो, चारचौघींत काय हे!" कोणीतरी पुटपुटलं.

"हो, झालेय मी निर्लज्ज. आधीच व्हायला हवं होतं."

पुढच्या आठवड्यात दोघीजणी ऋचाकडे डॉक्टरांचा पत्ता विचारायला आल्या. आतल्या खोलीत बाईंना ते ऐकू गेलं, पण आता त्यांना उठवत नव्हतं.